हात नका लावू, बाबूजी

...अन् पुन्हा वाजला! ऐकला का जी तुमी? चिक्! तो वर, छताले चिपकून बसला ना, पोळीएवढा, पांढरा... धूर झाला का बोंबलते म्हणते. पण धूर कुठं आहे? मी आहो, माही बायको रुक्मा आहे, अन् हा आहे! आमच्या लोकेंद्रानं लावला. एकुलता एक पोरगा, क्यानडात राह्यते. तीन वर्षांआधी आला, फुलचूरचं हे नवीन घर पाहिलं, अन् म्हणे, 'बाबूजी, तिकडे घरोघरी असते. लाइनवर चालते, लाइन गेली तर आत सेल आहे.' मी म्हटलं, बापा, कामठ्याले आपल्या घरी धूर झाला का तुही आजी खोकलत होती, तेच आपला अलार्म! पण लावला. घामाघूम होऊन लावला, अन् रुक्मानं खालून स्टूल धरला. काय हासत होती तवा... जाऊ द्या.

तर तुमाले सांगतो, पावसाळ्यात हे चिक् सुरू झालं. दर मिनिटाले एक! मी मेन स्विच पाडला. पंखे बंद, फ्रीज बंद, पण हा बंद व्हाचं नाव घेईना! लोकेंद्राले फोन लावला. तो म्हणे, 'सेल उतरला. तुमी चढू नका, पडसाल. हात नका लावू, बाबूजी! मी दिवाळीले येतो, पाच मिनिटाचं काम आहे.'

दिवाळी झाली. रुक्मानं अनारसे केले, कोणी खाल्ले? मीच! 'सुट्टी नाही भेटली, मंडईच्या जत्रेले येतो.' गावची मंडई झाली, पाहुणे येऊन जेवून गेले, जो तो वर पाहे, 'काऊन जी भाऊजी, घरात कोंबडीचं पिल्लू पाळलं का?' मी म्हटलं, पोराची निशाणी आहे, गुमान जेवा! दर रविवारी फोन, अन् पहिला सवाल, 'अजून वाजते का?' वाजते ना बापा! 'हात नका लावू, बाबूजी, संक्रांतीले नक्की.'

संक्रांतबी गेली! माह्या डोक्यात तिडीक गेली. स्टुलावर चढलो, डावीकडं फिरवला, खाली काढला, आतला चौकोनी सेल घेतला अन् ठेवला गच्चीवर, वड्यांच्या शेजारी, उन्हात. हासता काऊन जी? जिंदगीभर टॉर्चचे सेल उन्हात तापवूनच तर रातच्या ओलिताले गेलो! परत लावला. दोन दिवस एकदम गप. तिसऱ्या दिवशी... चिक्! मग बाजारातून नवीन सेल आणला, बसवला, बटन दाबून पाहिलं. खटका मिटला!

रविवारी फोन आला. 'वाजते का?' मी छाती फुगवून म्हटलं, नाही! 'वा बाबूजी! मग आता काही घाई नाही. पुढच्या साली पाहू.'

पुढच्या साली... फोन ठेवला. रुक्मा उठून सैपाकघरात निघून गेली. चार दिवस घरात आवाज नाही. मी बाहेरून आलो का मान आपसूक वर जाये. मले त्याची लय आठवण येते जी. बापानं असं चारचौघात बोलाचं नसते, पण येते.

पाचव्या दिवशी भाजी घेऊन आलो, दारातच... चिक्! आत पाहतो तर स्टूल मधात, अन् रुक्मा गुडघा चोळत बसली. जुना सेल लावला बाईनं! मी म्हटलं, 'कायले वो चढली?'

'कायले विचारता जी? नवीन सेल तांदळाच्या डब्यात ठेवला. पोरगा येईल, त्याच्या हातानं लावेल.'

मी तिच्या गुडघ्याले तेल लावून देल्लं.

परवा पुन्हा फोन. 'नवीन सेलबी गेला? हात नका लावू, बाबूजी! होळीले येऊन मीच पाहतो.'

कोण हात लावते बापा! फकत... आता तुमाले म्हणून सांगतो, रुक्माले सांगू नका. हा म्हातारा सेल दिवसेंदिवस मंदावून राहिला. म्हणून मी त्याले अधूनमधून गच्चीवर नेतो. जास्त नाही, घडीभरच. जास्त तापला का गप बसते जी, अन् होळीपर्यंत वाजला तर पायजे!