परक्या बाईची मांडी

दिल्लीत पहाडगंजच्या ट्रॅव्हल एजंटकडे देविका आपला नंबर येण्याची वाट बघत बसली होती. शेजारच्या बाकावरून मराठी बोलणं कानावर पडलं, तशी तिने मोबाईल पर्समध्ये टाकला. सत्तरीच्या एक बाई आणि त्यांचा मुलगा बोलत होते.

"आई, क्रूझच कशाला? ट्रेनने कुठेही जा ना."

"मला समुद्र बघायचाय, नचिकेत."

"ज्यात आपलं जहाज बुडालं तो?"

"तोच. जहाज बुडालं. आपण कुठे बुडालो?"

"तू मला लाइफबोटीत एका परक्या बाईच्या मांडीवर दिलंस आणि मागे फिरलीस. चार वर्षांचा होतो मी."

"बोट भरली होती. एका पोरापुरतीच जागा उरली होती. सगळ्यांत ती एकटी बाई रडत नव्हती, म्हणून तिच्याकडे दिलं."

"आणि तू?"

"दुसरी बोट खाली सोडत होते, तिच्यासाठी उभी राहिले."

"ती मिळाली नसती तर?"

"तरी तू वाचला असतास."



"मला अजून वाटतं, तू मला सोडून गेली होतीस."

"बिल्कुल नाही. तुला आधी पाठवलं होतं. विचारायचंस की रे कधीतरी."

काउंटरवरून हाक आली, "मैडम, एक ही टिकट ना?"

"नहीं भैया," नचिकेत उठत म्हणाला, "दो कर दीजिए."

"ये खुशाल," बाई म्हणाल्या. "पण या वेळी लाइफजॅकेट तुझं तूच बांधायचं."