बाभळीच्या बेल्स

आमचं मूळ गाव वडवणीच्या अंगाला, पण मी जन्मलो ते माजलगावकडच्या साखर कारखान्याच्या कॉलनीत, कारण वडील बॉयलरवर होते, आणि कारखाना उभा राहिला तेव्हा पहिल्या भरतीत ज्या चार-दोन बौद्ध घरांना कायम नोकरी मिळाली त्यातलं आमचं एक. दोन खोल्यांचं क्वार्टर, दारात कडुनिंब, हंगामात मळीचा वास अंथरुणापर्यंत यायचा. भोंग्यावर आमचं सगळं चालायचं, शाळा भोंग्यावर, जेवण भोंग्यावर. आम्ही दोघं भाऊ. दादा सात वर्षांनी मोठा, प्रकाश नाव त्याचं, पण कॉलनीत त्याला सगळे कीपरच म्हणायचे. गेल्या महिन्यात गेला तो. त्याच्यासाठीच मी मस्कतहून आलोय, आणि तुमी माझ्या खेळाबद्दल विचारताय म्हणून सांगतो, नाहीतर माझ्या खेळात सांगण्यासारखं काय हाय, सगळा खेळ मी भिऊन खेळलो.

काय सांगू तुमाला, आमच्या चेअरमनना क्रिकेटचा लई नाद. गाडीतळामागं त्यांनी मैदान करून दिलेलं, चांगला खेळणारा दिसला की हंगामी म्हणून कामाला घ्यायचे. दादाला तसंच स्टोअरमध्ये घेतलेलं. फास्ट बोलरलासुद्धा तो स्टंपाला चिकटून उभा राहायचा. लोक म्हणायचे, कीपर, जरा मागं सर की बे, तोंड फुटंल. तर हा म्हणायचा, मागं सरून चेंडू कुणीबी धरतंय, त्याला कीपर कशाला पाहिजे. मी वर्कशॉपात ॲप्रेंटिस लागलो होतो, लेथवर. दादाच्या हाताखाली कीपिंग शिकत होतो, पण संघात न्हाई, बाराव्या माणसाच्याही मागं.

मग ते दुष्काळाचं साल आलं. धरण इतकं आटलं की तळाच्या जुन्या गावाच्या भिंती उघड्या पडल्या. उभा ऊस जनावरांच्या छावणीला गेला, गाळप कसंबसं चाललं आणि बंद पडलं. माणसं नुसती बसून. चेअरमन म्हणाले, बसून माणूस बिघडतो, आजूबाजूच्या कारखान्यांना बोलवा, स्पर्धा घ्या. पाणी टँकरचं, ते प्यायलाच पुरत न्हाई, तर खेळपट्टीवर कोण मारतंय, म्हणून भेगाळलेल्या मातीवर काथ्याची मॅट अंथरायची आणि खेळायचं. आणि वारं. धरणात पाणी न्हाई म्हणल्यावर त्या उघड्या तळावरून वारं असं सुटायचं की स्टंपावरच्या बेल्स, त्या दोन लाकडी कांड्या, घटकेघटकेला खाली. अंपायर उचलून ठेवायचा, पुन्हा खाली. खेळ थांबायचा, चेअरमन खुर्चीत चुळबुळ करायचे, आणि दादा वैतागायचा, कारण त्याची लय तुटायची.

मला वाटलं, आपण दादाचं काम करावं. वर्कशॉपात काम नव्हतंच. गाडीतळावर मोडक्या ऊसगाड्यांचा ढीग, त्यातलं बाभळीचं एक जुनं लाकूड काढलं, लोखंडासारखं. दुपारी फोरमन जेवायला गेल्यावर लेथवर दोन बेल्स कातल्या. हातात घेतल्या, तर मला त्या अजूनही हलक्या वाटल्या, म्हणून दोन्हींना आरपार भोक पाडलं आणि आत लोखंडी सळईचे तुकडे ठोकून बसवले, वरून भुसा आणि सरस भरला. दिसायला एकदम देखण्या. कुणाला बोललो न्हाई, कारण कारखान्याच्या लेथवर घरचं काम केलं तर ॲप्रेंटिसला त्याच दिवशी गेटच्या बाहेर काढायचे. स्टंपाच्या पेटीत गुपचूप ठेवल्या. ती पेटी वैजनाथ मिस्त्रींची. ते कारखान्याचे सुतार, स्टंप, बेल्स, बॅटीची मूठ, सगळं तेच करायचे. बारा हंगाम हंगामी म्हणून काढलेले, त्या वर्षी कायम होणार होते. कुणालाबी वाटणार, मिस्त्रींनीच केल्या.

फायनलच्या दिवशी वारं सुटलेलं, आणि बेल्स जागच्या हलल्या न्हाईत. दादा स्टंपामागून ओरडला, मिस्त्री, आज काय डिंकानं चिकटवल्या का काय. सगळे हसले. मिस्त्री पण हसले, त्यांना वाटलं चेष्टा चाललीय. मी सीमेवर बसून मनातल्या मनात फुगत होतो, की माझं काम हाय हे.

मग बोल्ड झाला एकजण. मधला स्टंप उडाला, आणि त्याच्यावरची बेल सुटून सरळ मागं, दादाच्या तोंडावर. दादा चिकटून उभा, वाकलेला. हेल्मेट वगैरे कुठलं त्या वेळी. आवाज आला न्हाई काही. दादा गुडघ्यावर बसला, दोन्ही ग्लोव्हज तोंडावर, आणि आमचे खेळाडू विकेटच्या आनंदात नाचतायत, त्यांना कळलंच न्हाई. मला कळलं. मी लांब होतो तरी सगळ्यांच्या आधी मला कळलं.

अंबाजोगाईला नेलं. डावा डोळा गेला.

चौकशी झाली. चेअरमननी ती बेल हातात तोलून बघितली, म्हणाले, हे कुणाचं डोकं? मिस्त्री म्हणाले, साहेब, मी न्हाई केल्या, बाभळीला मी बेल्ससाठी हात लावत न्हाई. पण पेटी त्यांची, काम त्यांचं. ते सरळ आमच्या क्वार्टरवर आले. मी एकटा होतो, आई दवाखान्यात. उंबऱ्यावर उभं राहून विचारलं, मिलिंद, तू लेथवर असतोस, तुमच्या वर्कशॉपात कुणी केल्या असतील का रे? मी म्हणालो, मला काय माहीत, मिस्त्री. एवढंच. तेवढ्या चार शब्दांवर पुढची सगळी वर्षं उभी हायत. पुढच्या हंगामाच्या यादीत त्यांचं नाव नव्हतं. बायको-पोरं घेऊन ते मांजरसुंब्याला गेले, ढाब्यांची बाकडी अन् खाटा करायला लागले.

आणि दादानं त्याचे ग्लोव्हज मला दिले. पट्टी डोळ्यावर, पलंगावर बसलेला. म्हणाला, आता तू उभा राहा बे. मी न्हाई म्हणू शकलो न्हाई. कावून न्हाई म्हणतोस, असं त्यानं विचारलं असतं तर काय सांगणार होतो?

लोकांना वाटतं मी गुणी होतो. हात चांगले होते, ते खरं. जिल्ह्याकडून खेळलो, मग राज्याच्या संघात काही हंगाम. पण मी कधीच चिकटून उभा राहिलो न्हाई, हात-दीड हात मागंच. मॅचआधी अंपायरच्या हातातल्या बेल्स मागून घ्यायचो, तळहातावर तोलून बघायचो. आमचा कॅप्टन म्हणायचा, काय बे बीडच्या, चावतीय का ती? सगळे हसायचे, मी पण हसायचो, आणि बेल परत एकदा तोलायचो. पुण्याच्या कॅम्पला एसटीनं जाताना गाडी मांजरसुंब्याला चहाला थांबायची, सगळे उतरायचे, मी खिडकीवर पडदा ओढून आत बसून राहायचो. एकदा कंडक्टर म्हणाला, पैलवान, पाय मोकळे करा की. मी म्हणालो, ताप हाय. ढाब्यापुढं नवी कोरी बाकडी दिसायची. तेवढ्या बाकड्यांना मी भ्यायचो. माणूस तर लांबच.

संघातून वगळलं ते बरोबरच होतं, जो कीपर मागं उभा राहतो त्याच्याकडून स्टंपिंग कुठून व्हणार. मग एका ओळखीतून मस्कतची कंपनी मिळाली. फरशांचं गोदाम, दिवसभर माल मोजायचा, संध्याकाळी सराव, शुक्रवारी मॅच. तिथं बरीच वर्षं राहिलं की त्या देशाकडूनही खेळता येतं. लोक म्हणाले, नशीब काढलं. मला तर एवढंच कळत होतं की इथून मांजरसुंबा लांब हाय. तिथलं मैदान पहिल्या दिवशी बघितलं, तर सगळं उजाड, वारं, मॅट. आपलंच मैदान. तरी खेळलो. त्या देशाची टोपी मिळाली तेव्हा दादानं कॉलनीत पेढे वाटले, फोनवर वहिनी म्हणाली, भावजी, तुमचे दादा एका डोळ्यानं रडायलेत.

मग एका मॅचला नव्या बेल्स आल्या. आत दिवा असलेल्या, स्टंपाला चेंडू लागला की लाल पेटतात. अंपायर लावता लावता सहज म्हणाला, ह्या जरा जड असतात. बास. त्या दिवशी मला दुसरं काही ऐकूच आलं न्हाई. शेवटची ओव्हर, आमचा फिरकीवाला, कॅप्टननं हुकूम सोडला, एकदम जवळ उभा राहा. उभा राहिलो. बॅट्समन पुढं आला, चुकला, चेंडू माझ्याकडं, आणि मी तोंड फिरवलं. हातच पुढं गेले न्हाईत. चेंडू पायातून सीमेपार, मॅच गेली. त्यानंतर मला कुणी बोलावलं न्हाई, मी नुसता गोदामातला माणूस राहिलो.

दादानं मोबाईलवर बघितलं होतं. दुसऱ्या दिवशी फोन. तोंड कावून फिरवलंस बे? एवढा सोपा चेंडू. तो म्हणाला, माझ्यामुळं का? माझं आठवलं का? मी म्हणालो, हां. त्यात खोटं काही नव्हतं, पण ते पुरं खरंही नव्हतं. तो म्हणाला, येडा हायस, मी इसरलो आन तू धरून बसलाय. तेव्हा सांगायचं होतं. तोंडापर्यंत आलतं. पुढच्या सुट्टीत समोर बसून सांगू म्हणलं, आणि अशा किती सुट्ट्या गेल्या. गेल्या महिन्यात सकाळी चहा पिता पिता छातीत कळ आली आणि संपला. सांगायचं माणूसच संपलं.

मी आलो, दारात मांडव, माणसं भेटायला यायलेली. तिसऱ्या दिवशी गेटमधून एक म्हातारा काठी टेकत आला, जाड भिंगाचा चष्मा. ओळखायला वेळ लागला न्हाई. मला वाटलं, उठून मागच्या दारानं जावं. खोटं कशाला सांगू, चप्पल शोधलीसुद्धा. पण ते येऊन माझ्याच शेजारी बसले. पाणी दिलं, घेतलं. मग म्हणाले, प्रकाश माझ्याकडं यायचा, तुला माहीत न्हाई? दोन-चार वर्षांतून एकदा यायचा मांजरसुंब्याला. पहिल्यांदा आला तेव्हाच म्हणाला, मिस्त्री, मी तुमाला माफ केलं, तुमी मनात ठेवू नका. मी म्हणालो, बाबा, मी केल्याच न्हाईत त्या. तर म्हणाला, जाऊ द्या आता मिस्त्री. मग मीबी जाऊ दिलं. न केलेल्या गोष्टीची माफी घेतली, आणि त्याला चहा पाजला. चांगला माणूस होता, काय करणार.

तुमी समजून घ्या, त्या वेळी माझं काय झालं. दादा माफ करायला गेलता, आणि चुकीच्या माणसाला करून आला. मी म्हणालो, मिस्त्री, त्या मी केलत्या. आवाज माझा मलाच ऐकू आला न्हाई, म्हणून परत म्हणालो.

मिस्त्रींनी चष्मा काढला, धोतराला पुसला, घातला. मग म्हणाले, आत सळई कावून घातलीस? लाकूडच पुरे होतं की. सुताराला सुताराचंच दिसलं बगा. मग म्हणाले, प्रकाशला आता सांगता येत न्हाई. त्याच्या माणसांना सांग. पुण्यानुमोदनाच्या कार्यक्रमात माईकवर सांग. ज्या लोकांनी मला बोल लावला, ते सगळे येणार हायत ना?

पुण्यानुमोदनाच्या दिवशी सगळी कॉलनी आलती. भंतेजींची वंदना झाली, श्रद्धांजलीची भाषणं सुरू झाली, आणि निवेदकानं माझं नाव घेतलं, आपल्या कारखान्याचे आंतरराष्ट्रीय खेळाडू म्हणून. मांडवाचा खांब धरून उभा राहिलो. कागदावर लिहून नेलं होतं, वाचता आलं न्हाई. सांगितलं तसंच, लेथ, बाभूळ, सळई, उंबऱ्यावरचं माझं उत्तर. मग वहिनी पहिल्या रांगेतून उठली आणि घरात गेली, कडी लावल्याचा आवाज माईकमधून सगळ्यांनी ऐकला. मिस्त्री शेवटच्या रांगेत होते. माझं झालं तसे उठले. आमच्याकडं माणसाला जेवल्याशिवाय जाऊ देत न्हाईत, पण त्यांना थांबवायची कुणाची छाती झाली न्हाई. गेटाशी मी गाठलं, तर एवढंच म्हणाले, नीट ऐकू आलं मला. आणि गेले.

मस्कतचं तिकीट मी पुढं ढकललंय. कंपनी ठेवंल की काढंल, माहीत न्हाई. वहिनी बोलायची न्हाई, ताट ठेवायची आणि आत जायची, दहा दिवस असंच. काल झाडता झाडता थांबली आणि माझ्याकडं न बघता म्हणाली, मिस्त्रींच्या घरी कोण कोण हाय? मी म्हणालो, मला माहीत न्हाई. ती म्हणाली, मग माहीत करून घ्या, भावजी. उद्या जाऊ. मी येते.

तर उद्या आमी मांजरसुंब्याला निघालोय. त्यांच्या बायकोनं, पोरांनी काय काय सोसलं असंल, ते आता तोंडावर ऐकायचं हाय. वहिनीनं शिदोरीला धपाटे करायला घेतलेत, आणि मला, खरं सांगतो तुमाला, लई भ्या वाटायलंय.