कुंपणाकडचं आंबट झाड

—अहो, तिकडून नको, छाटलेल्या काड्या पडल्यात, पाय अडकेल. असे सावलीत या. आणि बोलू नका लगेच, धाप लागलीय तुम्हाला, मीच सांगते. भावानं पाठवलंय ना? वाटलंच. त्याच्या बागेत याआधीही सल्लागार येऊन गेले — माती तपासली, पाणी तपासलं, पानं पिशवीत भरून नेली — पण कुंपणाच्या अलीकडे डोकावायची अक्कल एकालाही सुचली नाही. तुम्ही पहिले. म्हणून बसा म्हणते, नाहीतर त्याच्या माणसाला मी दारातूनच वाटेला लावते.

आता हे झाड बघा. आलुबुखाराचं. कसं आहे? हिरवंगार! कीड नाही, डिंक नाही, एक वाळकी काडी दाखवा. छाटणी करावी तर अशी. मधला भाग वाडग्यासारखा मोकळा, म्हणजे ऊन-वारा खेळतो. एकमेकींवर घासणाऱ्या फांद्यांतली एक काढायची — कुठली? — कमजोर ती. आणि हे काम कोरड्या हवेत, उन्हाळ्यात. पावसाळी गारठ्यात कात्री लावलीत की जखमेतून रोग आत शिरलाच म्हणून समजा. मोठ्या बियांच्या फळांचं हे असंच असतं, माणसांसारखं — ओल्या जखमेला जपावं लागतं.

फळ? नाही, फळ नाही धरत हे. आधी धरायचं — इतकं आंबट की पक्षीसुद्धा एक चोच मारून तोंड फिरवायचे. वाटणी झाली तेव्हा भाऊ म्हणाला, "ताई, कुंपणाकडचं ते म्हातारं तुला. आंबट आहे, पण तुमचं दोघांचं जमेल." भावजय हसली. मीसुद्धा हसले. काय करणार, रडू त्यांच्यासमोर?

आणि त्यानं काय घेतलं? ती पलीकडची अख्खी बाग. आलुबुखार आणि जर्दाळूचा संकर. सालीला जर्दाळूची लव, आत आलुबुखाराचा रस, चावलं की मनगटापर्यंत ओघळ. कुणी केला तो संकर? मी! बारीक कुंचल्यानं एका झाडाचे परागकण दुसऱ्याच्या फुलावर लावायचे, फुलावर पिशवी बांधायची, बी रुजवायची, आणि मग वर्षानुवर्षं नुसती वाट बघायची — बहुतेक रोपं कडू निघतात, ती स्वतःच्या हातानं उपटायची. एक निघालं मनासारखं. त्याच्यावरून ही सगळी कलमं. हा धाकटा भाऊ तेव्हा शहरात नोकरी धरत होता आणि सोडत होता. परत आला, बाजार त्यानं मिळवला, तेवढं मान्य — आणि फळाला नाव कुणाचं दिलं? बायकोचं! जिला बी फोडून दाखवल्याशिवाय जर्दाळू ओळखू येत नाही!

मी बाग मागितली नाही हो. देवाशपथ नाही. एवढंच म्हटलं, खोक्यावर कुठेतरी बारीक अक्षरात लिही, हे फळ माझ्या बहिणीनं तयार केलं. तर काय म्हणाला, माहितीये? चार लोकांत म्हणाला — "ताई, हे काम मधमाश्या रोज करतात. त्यांचं कुठे नाव घालतो आपण?"

बरं, म्हटलं. मधमाश्याच करू देत.

हसताय? हसू नका, नीट ऐका. हा संकर स्वतःच्या परागावर फळ धरत नाही. त्याला दुसरं झाड लागतं, त्याच वेळी फुलणारं. आसपास असं एकच आहे. तुम्ही सावलीला बसलात ते. आंबट म्हातारं! भावाला वाटायचं, मी ते मायेपोटी ठेवलंय. आता फूल कुठे येतं याला? या आखूड, गाठाळ काड्यांवर, जुन्या लाकडावर. त्या दरवर्षी एकूण एक काढायच्या. झाडाला काही होत नाही, उलट जोमानं पालवतं. फूल तेवढं येत नाही. माझं झाड, माझी कात्री — कुठल्या कायद्यात बसवताय, बसवा! तिकडे त्याची बाग पांढरीशुभ्र फुलते, मी खिडकीतून बघते, भावजय फोटो काढते — आणि मग सगळं गळून जातं. खोकी रिकामी. नाव मात्र छापलेलं.

हे बोलायचं नव्हतं मला. पण सांगा त्याला, खुशाल सांगा, सल्लागार म्हणून तुमचं—

काय? नाही? मग कोण तुम्ही?

झाडं काढणारे. म्हणजे... मुळासकट? सगळी? कोपऱ्यातलं ते ठेंगणं झाडही? अहो, ते मूळ झाड आहे, बाकीची सगळी त्याचीच — नाही, तुम्हाला काय त्याचं. सफरचंद लावणार? "सफरचंदाला ताईची गरज नाही" — असं म्हणाला तो? याच शब्दांत?

हं.

आणि त्याच्या बाजूनं मशीन वळत नाही, म्हणून माझ्या फाटकातून न्यायचंय. ते विचारायला आलात. आणि मी बसवून तुम्हाला...

नाही. नाही म्हणजे नाही, साहेब, एक चाक आत येणार नाही. कुऱ्हाडी घेऊन माणसं आणलीत, तर कुंपणापाशी मी उभी असेन. त्याला म्हणावं, फाटक हवं तर स्वतः ये. बायकोला घेऊन ये. ज्या चार लोकांत बोललास, त्यांनाही आण, आणि त्यांच्यासमोर सांग ती झाडं कुणी केली. मग बघू. तोवर उभी राहतील ती. फळ नाही लागणार, त्याला एकही लागू देणार नाही मी — पण उभी राहतील.

उठा आता. ऊन आहे तोवर मला वरच्या दोन फांद्या उरकायच्यात.