प्रेमाची परीक्षा आणि घोरणारा निखिल

मला वाटलं होतं, सिनेमा संपेपर्यंत तिकडे एडिनबरात निखिल आणि इकडे सिंगापूरच्या बुकित बातोकमध्ये मी, दोघंही हमसून हमसून रडत असू. प्रत्यक्षात अर्ध्या तासात फोनमधून घोरणं ऐकू यायला लागलं.

झालं असं की शिक्षण संपवून मी घरी परतले आणि निखिल तिकडेच राहिला. प्रेम लांब राहूनही टिकतं, हे आईला काही पटेना. तेव्हा समोरच्या चिनी आंटीनं एक जुना चिनी प्रेमपट सुचवला. "शुअर क्राय वन लाह!" म्हणजे, रडू येणारच, अशी तिची खात्री. नायिका परदेशी गेलेल्या प्रियकराची आयुष्यभर वाट बघते. म्हटलं, आपण दोघांनी व्हिडिओ कॉल लावून तो एकाच वेळी बघायचा. आई-बाबाही येऊन बसले.

ती बिचारी नायिका बंदरावर त्याच्या बोटीची वाट बघत उभी, आणि हा निखिल घोरतोय!

"संपलं सगळं," मी म्हणाले. "असल्या माणसासाठी थांबायचं?"

आईनं डोळे पुसत विचारलं, "तिकडे किती वाजलेत गं?"

"पहाटेचे पाच."

"रविवारी पहाटे उठला, तेही सबटायटल वाचायला? झोपू दे की त्याला!" मग तिनं सोफ्यावर झोपलेल्या बाबांकडे बोट दाखवलं. "लग्न झाल्यापासून माझ्याबरोबर प्रत्येक सिनेमाला बसतात. एकाचाही शेवट माहीत नाही."

बाबा डोळे न उघडता म्हणाले, "आली का बोट?"

दुसऱ्या दिवशी सकाळी मी ठरवून टाकलं: लग्न निखिलशीच करायचं, सिनेमे मात्र आईबरोबर बघायचे.