केरोबा ढमढेरेंची समाधी आणि काकडीची कोशिंबीर

मंडळी, ऐका! सावरून बसा. मागचे पुढं या — पुढं जागा आहे, आणि मी चावत नाही!

आज सवाल एकच. माणसाला वैराग्य येतं, आणि माणसाला रुसवाही येतो. बाहेरून बघितलं तर दोन्ही सारखंच! विरक्त घर सोडतो — रुसलेलाही सोडतो. विरक्त बोलत नाही — रुसलेलाही बोलत नाही. विरक्त पानावरून उठतो — रुसलेला तर आधी उठतो! मग ओळखायचं कसं? समोरचा साधू झालाय की नुसता फुगलाय? सांगा! ... पेटीवाले, तुम्ही सांगा? हसू नका, हसण्यावारी न्यायचा सवाल नाही हा. या सवालापायी एक जिता माणूस खड्ड्यात जाणार होता!

खडकवळण नावाचं गाव. गावात केरोबा ढमढेरे. खाऊनपिऊन सुखी, स्वभावानं तिखट. बायको गजराबाई. स्वभावानं — आता काय सांगू, तीही काही गोड नव्हती! पण हाताला चव अशी, की तिच्याकडं जेवलेला माणूस निघताना चप्पल विसरायचा. आणि केरोबाचा जीव कशात? तर तिच्या काकडीच्या कोशिंबिरीत!

आता काकडीचं एक आहे, बरं का. काकडी सोला, विळीवर बारीक चोचवा, दाण्याचा कूट घाला, लिंबू पिळा, साखर टाका — ती गप्प बसते. तासभर ठेवा, तक्रार नाही. पण मीठ पडलं — की रडायला लागते! पाणीच पाणी! म्हणून जाणती बाई काय करते? पान मांडते, माणूस पाटावर बसतो, आणि मग मीठ घालते. आयाबायांनो, खरं का खोटं? ... बघा, माना डोलतात!

तर एके दुपारी केरोबा घरी आला. फाटकाशी खोकला. खोकला ऐकला, गजराबाईनं मीठ घातलं. आता केरोबानं आत यावं की नाही? पण फाटकाशी भेटला यमाजी. यमाजीनं विचारलं, "केरोबा, बोकडाला दाढी असती, मग मिशी का नसती?"

झालं! हा प्रश्न टाकून जेवायला जाईल तो केरोबा कसला! दोघं उन्हात उभं राहून भांडले. बोकड तिथंच बांधलेला — त्याला काही देणंघेणं नव्हतं, तो पाला खात होता.

केरोबा आत आला. पाटावर बसला. वाटीत बघतो — काकडी पोहतेय!

"ही कोशिंबीर आहे का तळं? होडी सोडू का हिच्यात?"

गजराबाई म्हणाली, "तुम्ही खोकलात, म्हणून मीठ घातलं. मला काय माहीत, तुम्ही बोकडाच्या मिशा शोधत थांबणार!"

"म्हणजे चूक माझी?"

"मग काय काकडीची?"

केरोबा उठला! भरल्या पानावरून उठला! "सोडला! हा संसार मी सोडला!"

"कुठं निघालात?"

"वनात!"

मंडळी, खडकवळणला वन नव्हतं. एक कडुलिंबाचं झाड होतं. तेही याच्याच घरासमोर, रस्त्याच्या पलीकडं. केरोबा त्याच्याखाली जाऊन बसला. तोंड कुणीकडं? घराकडं! मग त्याला आठवलं, साधूला भगवं लागतं. परत आला, अंगणातल्या दोरीवरची भगवी चादर ओढली आणि परत झाडाखाली गेला.

गजराबाई ओरडली, "अहो, ती ओली आहे!"

पण आता मागं फिरायचं कसं? ओली चादर गुंडाळून बसला. कुडकुडला — पण बसला!

थोड्या वेळानं यमाजी आला. चादर बघितली, हबकला. "केरोबा, काय झालं हो?"

केरोबानं मोठा उसासा टाकला. "पाणी सुटलं!"

त्याला सांगायचं होतं कोशिंबिरीचं. त्याला वाटलं, आता हा विचारेल — कशाला सुटलं, कुणाच्या चुकीनं सुटलं — मग मी सगळं गाऱ्हाणं सांगेन. पण यमाजीचं रान कुठं? कालव्याच्या शेवटाला! पाटाचं पाणी तिथवर कधी पोचायचंच नाही. "पाणी सुटलं" म्हटल्याबरोबर तो जो धोतर वर करून पळाला — रानात जाऊन बघतो, तर पाट भरून वाहतोय! त्याच घटकेला कालव्याचं वरचं दार उघडलं होतं. यमाजीनं तिथनंच लिंबाच्या दिशेला दंडवत घातलं.

दुसऱ्या दिवशी चार बाया आल्या. "महाराज, नळ कोरडा पडलाय."

केरोबाला वाटलं, बायकांना तरी काकडीचं दुःख कळेल. कळवळून म्हणाला, "पाणी सुटलं!" बाया हंडे घेऊन पळाल्या. आणि मंडळी — नळाला पाणी!

मग काय विचारता! गाव लोटलं. कुणी पाया पडतंय, कुणी लेकराला पायावर घालतंय. नैवेद्याला केळी! सकाळी केळी, दुपारी केळी, संध्याकाळी दूध आणि केळी. महाराज अळणी खातात अशी बातमी झाली, म्हणून मिठाचा कण कुणी आणेना. आणि केरोबा? त्याला आधी गंमत वाटली. नंतर गोड वाटलं. आणि नंतर — हे वाईट, मंडळी — खरं वाटायला लागलं!

पण डोळा मात्र घराच्या दारावर. ही येईल. हाक मारेल. मग मी आढेवेढे घेईन, आणि मग जाईन. आणि पलीकडं गजराबाई रोज दुपारी काकडी चोचवायची, सगळं तयार करायची, मीठ तेवढं घालायची नाही. दाराकडं बघत बसायची. तो येईल. नाही आला, की ती अळणी कोशिंबीर गाईपुढं ठेवायची. मधे रस्ता केवढा? बैलगाडी जाईल एवढा! हा ओलांडेना, तीही ओलांडेना.

गावचे सरपंच हिंदुराव. त्यांना निराळंच दुःख होतं. म्हणाले, "शेजारच्या गावाला समाधी आहे. यात्रा भरते, पाळणे येतात. आपल्या गावाला काय आहे? बंद पडलेली पिठाची गिरणी!" ते हात जोडून झाडाखाली आले. "महाराज, येत्या एकादशीला जिवंत समाधी घ्यावी, अशी गावाची इच्छा आहे!"

केरोबाच्या घशाला कोरड पडली. नाही म्हणायचं होतं. पण घशातून कसंबसं निघालं, "पाणी..."

हिंदुराव वळले. "ऐकलंत? पाणी! म्हणजे इथं खाली ओल आहे. खड्डा जरा पलीकडं घ्या!"

कुदळी आल्या. हिंदुराव सुतळी घेऊन आले आणि महाराजांचं माप घ्यायला लागले. खांद्याचं घेतलं, मांडीचं घेतलं. "महाराज, मान जरा ताठ. हां! उगाच डोकं वर राहायला नको." एवढ्या आदरानं म्हणाले, की केरोबानं मान ताठ केली!

तुम्ही म्हणाल, बुवा, तो पळाला का नाही? घर तर समोर होतं! अहो, पळून घरी गेला असता तर काय म्हणावं लागलं असतं? "तू बरोबर होतीस!" माणूस खड्ड्यात जाईल, पण हे चार चौघांत बायकोला म्हणेल? ... तबलजी, तुम्ही मान खाली का घातलीत?

एकादशी उजाडली. मांडव, बँड, हार. खड्ड्याच्या काठावर मिठाची पोती. संन्याशाला समाधी देतात तेव्हा खड्ड्यात मीठ भरतात ना, म्हणून. बिचारा केरोबा त्या पोत्यांकडं बघत होता. इतके दिवस चिमूटभर मिळालं नाही, आणि आज पोतीच्या पोती!

आता मात्र कळलं, हे लोक खरंच पुरणार. भीती वाटली. खरी भीती. एवढ्या गर्दीत आपलं असं कुणीच नाही, असं त्याला वाटलं.

यमाजी गजराबाईला म्हणाला, "वहिनी, शेवटचं दर्शन घेऊन जावा."

"घेते. आधी हातातलं काम होऊ दे."

आणि ती अंगणात आली. गर्दीकडं बघितलं नाही, खड्ड्याकडं बघितलं नाही. पाट मांडला, विळी मांडली. कोवळी काकडी घेतली, डेख कापलं, घासून कडूपणा काढला, चाखून बघितली. सोलली. आणि चोचवायला लागली — चच्, चच्, चच्! बँडवाला थांबला. टाळ थांबले. काकडी एवढी बारीक, की मोत्यांची रास पडावी. वर दाण्याचा कूट, ओलं खोबरं, लिंबू, कणभर साखर. शेगडीवर पळी तापली होती. तूप. जिरं. हिरवी मिरची. चर्रर्र!

तो वास उठला आणि रस्ता ओलांडून गेला, मंडळी! वासाला मानापमान नसतो. थेट केरोबाच्या नाकात! केळी खाऊन खाऊन बोथट झालेली ती जीभ — जागी झाली. पाणी सुटलं! पण यावेळी तोंडाला!

गजराबाईनं चिमटीत मीठ घेतलं. हात वाटीवर धरला. आणि इतक्या दिवसांनी पहिल्यांदा, रस्त्याच्या पलीकडं बघून तिनं विचारलं, "अहो... मीठ घालू का?"

सगळं गाव वळून बघायला लागलं. बोकडानंसुद्धा पाला सोडून मान वर केली.

केरोबाचे ओठ हलले. डोळे भरले. छाती भरून आली आणि तो ओरडला — "घाल!"

हिंदुराव गरजले, "महाराजांची आज्ञा झाली! मीठ घाला!" आणि गड्यांनी धडाधड पोती खड्ड्यात उपडी केली! दोघांनी महाराजांना काखेत धरलं, उचललं!

"अरे, खड्ड्यात नाही! काकडीत! काकडीत!"

अशी उडी मारली केरोबानं! चादर यमाजीच्या हातात, महाराज रस्त्याच्या पलीकडं! धोतर सावरत पाटावर जाऊन बसला. "घाल गं, घाल! बसलो बघ मी!"

तिनं मीठ घातलं. हलक्या हातानं कालवलं. वाढलं. त्यानं घास घेतला — कुर्रम! गाव ऐकत होतं. कुर्रम, कुर्रम! आणि डोळ्यांतून धारा. मिरचीच्या की कशाच्या, कुणी विचारलं नाही.

गजराबाई म्हणाली, "राग आला होता, तर भांडायचं होतं. समोर मी होते ना! खड्ड्यापर्यंत जायची काय गरज?"

"तू हाक नाही मारलीस."

"तुम्ही महाराज झाला होतात."

"तरी मारायची!"

"तुम्ही तरी यायचं!"

आणि मंडळी, असं खणखणीत भांडण जुंपलं, की लोकांना बरं वाटलं. हिंदुराव भीतभीत पुढं आले. "महाराज, मग... समाधीचं?"

केरोबा घास तोंडात धरून म्हणाला, "जेवण झाल्यावर बघू." गजराबाईनं फक्त वर बघितलं. हिंदुराव गेले.

आता उत्तर द्या! वैराग्य कोणतं, रुसवा कोणता? ज्याला वैराग्य येतं, तो चालायला लागला की मागं वळत नाही. रुसलेला घराकडं तोंड करून बसतो! आणि त्याला महाराज करणारे पुष्कळ भेटतात, माझ्या बापांनो. तुमच्या फुगण्याला हार घालणारे, पाया पडणारे, मापं घेणारे! पण तुमच्यासाठी थांबलेलं माणूस एखादंच असतं.

इथं आज किती जण देवासाठी आलेत, आणि किती जण घरी बोलाचाली झाली म्हणून आलेत? हात वर करू नका. मला चेहरे दिसतात! खांबाआडच्या काका, तुमचाही दिसतो.

आरती आम्ही म्हणू. आवाज पुरतो आम्हाला. ज्याला घरून हाक आली नसेल, त्यानं हाकेसाठी बसू नये. उठावं. जावं. दारात उभं राहून मोठ्यानं म्हणावं, "मी आलो!" एवढंच. इथं विटेवर उभा आहे ना, त्याला तेवढं नामस्मरण आज पुरेल!