जाड साल

सासू : पिशवी अशी रिकामी का गं? नाक्यावर शिपायांनी काढून घेतलं?

सून : झडती झाली, पण घेण्यासारखं काही नव्हतंच, आई. बाईसाहेबांनी आज साली दिल्या नाहीत.

सासू : बटाट्याच्या सालीसुद्धा? अगं, संचारबंदी लागली तेव्हा त्या घरात कुत्र्याला मटण होतं! पाहुण्यांना लोणी थापलेले बटाटे, निम्मे ताटात टाकलेले. तूच सांगत होतीस.

सून : त्याला दीड महिना झाला. बाजारच जळला, आता पैसे काय चावायचे? कुत्रा कधीच देऊन टाकला. अर्धं पोतं बटाटे उरलेत आणि खाणारी तोंडं सहा.

सासू : तू साल जाड काढतेस ते कळलं वाटतं तिला.

सून : माझ्या हातातली सुरी घेतली आणि स्वतः सोलायला बसल्या. इतकी पातळ साल, पलीकडचं दिसावं!

सासू : बाईसाहेब? सोलायला?

सून : मलाही नवल वाटलं. तर म्हणाल्या, "माझी आई लोकांकडे स्वयंपाकाला जायची. जाड साल मी ओळखते. तिच्या पिशवीतल्या सालींवरच वाढलेय."

सासू : अगं बाई! म्हणजे पहिल्या दिवसापासून माहीत होतं तिला.

सून : माहीत होतं, म्हणूनच गप्प होत्या. आज बोलल्या, पण मान वर केली नाही. मला राग यायला हवा ना, आई? येतच नाही. नुसतं रडू येतंय.

सासू : रडायचं ते नंतर रड. चिमी सकाळपासून पाण्यावर आहे. तू येशील म्हणून आधण ठेवलं होतं, ते आटून निम्मं झालं.

(आतून चिमीचा आवाज : आई आली? आज जाड आहेत की पातळ?)

सून : काय सांगू हिला?

सासू : मी बघते. उद्या जाणारेस ना कामाला?

सून : जाणार तर. त्याच साली परतायच्यात, त्यांच्या ताटासाठी. मीठ चाखून बघायचं तेवढंच काय ते माझ्या तोंडात.

सासू : मग सांग, सर्दीनं तोंडाची चव गेलीय. चाखायला चिमीला घेऊन जा.

सून : आई, त्या लगेच ओळखतील.

सासू : म्हणून तर म्हणतेय, घेऊन जा.