वाईट बातमीची पोहे-जलेबी

काकू, कारखान्यातले माझे सगळे सोबती आणि पोलोग्राउंडचे शेजारी, अप्पांसाठी आज एवढे जण आलात. मला रोज मशीनच्या आवाजाच्या वर आवाज काढून बोलायची सवय. इथल्या शांततेत बोलणं फार जड जातंय. पण अप्पांबद्दल रडका चेहरा करून बोलायचं? ते त्यांना चाललं नसतं.

पाहुण्यांसाठी सांगते. अप्पांच्या कारखान्यात आम्ही मिठाईचे, नमकीनचे डबे बनवतो. मोठी ऑर्डर मिळाली की अप्पा सगळ्यांना पोहे-जलेबी खिलवणार, हा आमचा कायदाच.

एकदा सकाळीच पोहे-जलेबी आली. झालं. आमचे मशीनवाले दिनेश भिया धावत जाऊन हार घेऊन आले आणि अप्पांच्या गळ्यात घातला. आम्ही टाळ्या वाजवल्या. अप्पांनी सगळ्यांच्या हातात पोहे येऊ दिले आणि मग म्हणाले, "आपलं सगळ्यात मोठं गिऱ्हाईक गेलं."

हातातली जलेबी हातातच राहिली. दिनेश भिया म्हणाले, "अप्पा, मग ही जलेबी कशाची?"

"अरे भिया, उपाशीपोटी टेन्शन जास्त येतं. आधी खा. कोणालाही काढणार नाही. फक्त उद्यापासून नमुन्याचे डबे घेऊन आपापल्या मोहल्ल्यात फिरा."

फिरलो. मी बडा गणपतीच्या गल्ल्यांत, दिनेश भिया थेट त्यांच्या गावी, गौतमपुऱ्यात. छोटी दुकानं, छोट्या ऑर्डरी. आणि प्रत्येक छोट्या ऑर्डरीला पोहे-जलेबी. काकू, तुम्ही किती चिडायचात, अप्पांचं पोट किती सुटलं. पण मशीन थांबली का? नाही थांबली. कोणी घरी बसलं का? कोणीच नाही.

पुढे एकदा मी विचारलं, "अप्पा, त्या दिवशी भीती नाही वाटली?" म्हणाले, "खूप वाटली ग. पण तुम्ही हार घातलात ना. हार घातलेल्या माणसाला घाबरता येतं का?"

आज त्यांच्या फोटोला हार आहे. बघा, हसतायतच.

तेरावा झाला. इतके दिवस सगळे दबक्या आवाजात एकच विचारतायत, कारखान्याचं काय? काकूंनी मला सांगायला सांगितलंय. सोमवारी मशीन सुरू होईल. अप्पांच्या खुर्चीवर काकू बसतील. कोणालाही काढणार नाहीत.

बाहेर पोहे-जलेबी आली आहे. न खाता कोणी जायचं नाही, हेही काकूंनीच सांगितलंय. त्याआधी दोन मिनिटं शांत उभं राहू या.

अप्पा, वाईट बातमी ऐकली आम्ही. आता खाऊन कामाला लागतो.